थप्पड आणि अंतर : अल्पखर्ची चित्रपटांतील धाडसाचा इतिहास

मुंबईत स्टुडिओचे भाडे परवडेनासे झाले की लहान निर्माता मांडव्याची बोट पकडतो. नागाव, रेवदंडा, काशिद, मुरूड हा रायगडचा किनारा त्याला दोन गोष्टी फुकट देतो : पार्श्वभूमी आणि प्रकाश. सोबत एक कॅमेरा, दोन-तीन साहाय्यक, ऊन परतवण्यासाठी थर्माकोलचे पांढरे तक्ते आणि नायकाच्या बदली खडकावरून उडी मारायला तयार असलेला एखादा तरुण, एवढाच त्याचा संसार. मोठ्या चित्रपटात फाइट मास्टर, गाद्या, दोरखंड, रुग्णवाहिका असा लवाजमा असतो. येथे तो तरुण असतो आणि वाळू मऊ आहे, अशी सर्वांची समजूत असते.

हे दृश्य आजचे वाटते. प्रत्यक्षात ते भारतीय चित्रपटाइतकेच जुने आहे. पैसा तुटपुंजा असताना पडद्यावरचे धाडस घडत कसे आले आणि त्याची किंमत कोणी मोजली, हा आजच्या धाग्याचा विषय. मित्रहो, या इतिहासातला खरा नायक पडद्यावर दिसतच नाही. तो कॅमेऱ्यामागे उभा असतो. त्याला आपले काम येत असेल तर समोरच्याची हाडे शाबूत राहतात.

आरंभ १८९९ पासून करू. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे आपले सावेदादा, यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला आणि मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा व कृष्णा न्हावी या दोन पैलवानांची कुस्ती चित्रित केली. फिल्म धुण्याची सोय येथे नव्हती. ती लंडनला पाठवावी लागली. भारतीय माणसाने केलेल्या पहिल्या चित्रणांत या कुस्तीची गणना होते. स्वतःचा पैसा, एकाच माणसाचे कॅमेरा-पथक आणि समोर अंगमेहनतीने कमावलेली दोन शरीरे. ‘स्वतंत्र चित्रपट’ हा शब्द तेव्हा कोणी वापरत नव्हते, एवढाच फरक. त्या दोघांना इजा होण्याची भीती फारशी नव्हती, कारण पडावे कसे हे त्यांना तालमीने शिकवले होते. कॅमेऱ्याला काहीच लपवायचे नव्हते. लपवण्याची गरज निर्माण झाली ती कथा आल्यावर.

कथा आणली दादासाहेब फाळके यांनी. १९१२ साली त्यांनी लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणला आणि ३ मे १९१३ रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात झळकला. कॅमेऱ्याचा दांडा फिरवला त्र्यंबक तेलंग यांनी. पण कॅमेरा-पथक म्हणून आणखी एक नाव घ्यायला हवे, आणि ते नेहमी ‘दादासाहेबांची पत्नी’ या दोन शब्दांत आटोपले जाते. सरस्वतीबाई फाळके रात्री अंधारात बसून कोऱ्या फिल्मच्या कडांना छिद्रे पाडत. दिवसा उन्हात पांढरी चादर धरून नटांच्या चेहऱ्यावर प्रकाश परतवत. फिल्म धुण्यास मदत करत आणि साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाकही करत. आज या चार कामांसाठी चार माणसे नेमली जातात आणि श्रेयनामावलीत चार ओळी जातात.

बाह्यचित्रणासाठी फाळके यांची मंडळी कल्याण-कर्जत मार्गावरील वांगणीला गेली, तेव्हाची एक हकिकत चरित्रकार सांगतात. तलवारी-भाले घेतलेले हे लोक पाहून गावकऱ्यांना दरोडेखोर आल्याचा संशय आला आणि सगळ्यांची रवानगी कोठडीत झाली. मागाहून पोहोचलेल्या फाळके यांनी कॅमेरा उघडून, फिल्म न घालता, चित्रीकरण कसे चालते ते करून दाखवले. मग सुटका झाली. वांगणीच्या पुढचे शेलू स्थानक आजच्या रायगड जिल्ह्यात येते. म्हणजे रायगडच्या वेशीवर चित्रपटवाल्यांचे पहिले स्वागत हे असे झाले!

त्याच चित्रपटातली दुसरी हकिकत मात्र हसण्याजोगी नाही. रोहिदासाची भूमिका फाळके यांचा मुलगा भालचंद्र करत होता. बाह्यचित्रणाच्या दिवसांत तो खडकावर पडला, डोक्याला जखम झाली आणि तो बेशुद्ध झाला. मुंबईला नेऊन उपचार करावेत आणि चित्रण पुढे ढकलावे, असा सल्ला मिळाला. रोहिदासाच्या मृत्यूचा प्रसंग टिपायचा राहिला होता. फाळके यांनी बेशुद्ध मुलावरच तो प्रसंग टिपून घेतला, असे सांगितले जाते. याला ध्येयवेड म्हणून गौरवण्याची आपल्याकडे पद्धत आहे. मला ते जमत नाही. दागिने गेलेले, विमा गहाण, एकेक दिवस मोजून मिळालेला : अशा माणसाकडे थांबण्याची ऐपत उरली नव्हती, हे समजू शकते. पण त्या दिवसाची किंमत मुलाने मोजली, हेही त्याच वाक्यात लिहायला हवे.

याच घरातला सहा वर्षांनंतरचा प्रसंग पाहा. १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये फाळके यांची लहानगी मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली आणि पाण्यात कालियाशी झुंजली. प्रेक्षकांना धडकी भरवणारा हा प्रसंग ट्रिक फोटोग्राफीने, म्हणजे कॅमेऱ्याच्या करामतीने, साधलेला होता. मुलगी धडधाकट राहिली आणि भयही पुरेपूर उतरले. दोन भावंडांच्या या दोन अनुभवांमध्ये बापाची माया वाढली नव्हती. बापाचे तंत्र वाढले होते.

तंत्राची ही वाट पुढे कोल्हापूरने रुंद केली. बाबूराव पेंटर आणि त्यांचे सहकारी यांनी कॅमेरा स्वतःच बनवला. परदेशी यंत्र विकत घेण्याइतका पैसा नसणे हे त्यामागचे एक कारण, आणि यंत्र आतून कळल्याशिवाय हात न लावण्याचा कोल्हापुरी बाणा हे दुसरे. त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या ‘सैरंध्री’त (१९२०) भीमाने केलेला कीचकवध इतका खरा वाटला की तो भाग कापावा लागला. पडद्यावर मुंडके उडाले आणि प्रत्यक्षात कोणाच्या मानेला ओरखडाही आला नाही. चांगल्या कॅमेरावाल्याची ही परीक्षा समजायला हरकत नाही.

आता जरा यंत्राकडे वळू, कारण पुढची गोष्ट त्यावाचून कळायची नाही. मूकपटांच्या काळात कॅमेऱ्याला मोटर नसे. दांडा हाताने फिरवत. सेकंदाला दोन फेरे घेतले की १६ चौकटी टिपल्या जात. मारामारीच्या वेळी कॅमेरावाला हात किंचित सैल सोडी आणि सेकंदाला बाराच चौकटी घेई. हीच फिल्म १६ च्या वेगाने दाखवली की पडद्यावरची हालचाल एक तृतीयांशाने जलद होते. म्हणजे दोन माणसांनी सावकाश, एकमेकांना सांभाळत तलवारी फिरवल्या तरी प्रेक्षकांना विजेचा लखलखाट दिसे. या युक्तीला एक पैसाही लागत नाही. लागतो तो मनगटाचा अंदाज. पुढे बोलपटांत मोटर आली, वेग २४ चौकटींवर स्थिरावला, तरी संवाद नसलेल्या झटापटी कमी वेगाने टिपण्याची युक्ती टिकून राहिली.

दुसरी युक्ती अंतराची. भिंग खोली चपटी करते. मारणाऱ्याच्या खांद्याआडून कॅमेरा लावला तर मूठ आणि जबडा यांत वीतभर जागा असली तरी ती दिसत नाही. मार खाणाऱ्याने नेमक्या क्षणी मान फिरवली की ठोसा ‘लागतो’. आवाज मागाहून भरता येतो. कॅमेरा बाजूला लावला तर मात्र ती वीतभर जागा उघडी पडते. म्हणून मारामारी बसवणारा आणि कॅमेरा लावणारा यांचे आधी बोलणे व्हावे लागते, दोन-चार तालमी व्हाव्या लागतात, एखादा टेक वाया जावा लागतो. बोलण्याला वेळ लागतो आणि वाया गेलेल्या टेकला फिल्म लागते. अल्पखर्ची चित्रपटाकडे नेमक्या याच दोन गोष्टी नसतात.

मूकपटांतल्या मारधाडीचा पहिला मोठा मराठी नायक म्हणजे मास्टर विठ्ठल. १९२४ च्या ‘कल्याण खजिना’त नर्तकी म्हणून पडद्यावर आलेला हा नट मुंबईच्या शारदा फिल्म कंपनीत तलवारबहाद्दर झाला आणि लोक त्याला ‘भारताचा डग्लस फेअरबँक्स’ म्हणू लागले. १९३१ साली अर्देशीर इराणी यांनी ‘आलम आरा’साठी त्याला घेतले, तेव्हा शारदाने करारभंगाचा दावा लावला. विठ्ठलची बाजू मांडायला उभे राहिले बॅरिस्टर मोहम्मद अली जिना, आणि विठ्ठल सुटला. या प्रसंगातले जिनांचे नाव सर्वांच्या लक्षात राहते. मला महत्त्वाची वाटते ती वेगळी गोष्ट. खटला झाला तो नटाला दुसरीकडे जाण्यापासून अडवणाऱ्या कराराबद्दल. तलवार लागली तर काय, हा प्रश्न त्या खटल्यात कोणाला पडण्याचे कारणच नव्हते.

बोलपट आले आणि स्टंटपट संपतील असे पुष्कळांना वाटले. घडले उलटेच. १९३५ साली वाडिया बंधूंच्या ‘हंटरवाली’ने नादियाला घराघरांत पोहोचवले. त्यांचा स्टुडिओ परळच्या लवजी कॅसलमध्ये, म्हणजे गिरण्यांच्या ऐन वस्तीत. हा योगायोग अर्थपूर्ण होता, कारण स्टंटपटाचा प्रेक्षक तोच : गिरणी कामगार. कोकणातून, त्यातही रत्नागिरी आणि कोलाबा जिल्ह्यांतून, बोटीने मुंबईला आलेला, खोलीत दहाजणांसोबत राहणारा, पाळी संपल्यावर तालमीत दंड काढणारा. कोलाबा म्हणजेच आजचा रायगड; नाव बदलले १ जानेवारी १९८१ रोजी. या प्रेक्षकाला पडद्यावरची उडी खरी की खोटी हे लगेच कळे. अंग कसे पडते हे त्याला स्वतःच्या अंगावरून ठाऊक होते. सुशिक्षित समीक्षकांनी स्टंटपटाला हलके मानले. पण शारीरिक कौशल्याचा इतका जाणकार प्रेक्षक दुसऱ्या कोणत्याही चित्रप्रकाराला लाभला नसेल.

याच वस्तीतून भगवानदादा आले. भगवान आबाजी पालव, जन्म १९१३, गिरणी कामगाराचा मुलगा, व्यायामाचा आणि कुस्तीचा नाद. मूकपटांत कामे करत ते शिकले आणि १९३८ साली चंद्रराव कदम यांच्यासोबत ‘बहादूर किसान’चे दिग्दर्शन केले. पुढची दहा-बारा वर्षे त्यांनी एकामागून एक अल्पखर्ची मारधाडपट काढले. अवघ्या ६५,००० रुपयांत आखलेला चित्रपट, ज्यात कलाकारांच्या जेवणापासून कपड्यांपर्यंत सारे तेच पाहत, ही त्यांची ख्याती. आज सहा मित्र एक कॅमेरा भाड्याने घेऊन अलिबागला जातात तेव्हा नकळत भगवानदादांचीच पद्धत गिरवत असतात. ‘अलबेला’ (१९५१) आणि त्यातला तो डोलत नाचणारा माणूस सर्वांना आठवतो. त्या नाचातली सहजता तालमीतून आणि मारामारीच्या पटांतून आलेली होती, हे मात्र विसरले जाते.

आणि येथेच या धाग्यातला सर्वांत अवघड प्रसंग येतो.

१९४२, चित्रपट ‘जंग-ए-आझादी’. भगवान यांनी ललिता पवार यांना थप्पड मारायची होती. ललिताबाई तेव्हा सव्वीस वर्षांच्या. जन्म येवल्याचा, मूकपटांपासून काम, नायिका म्हणून नाव, स्वतः चित्रपटांची निर्मितीही केलेली. हात जोरात बसला. त्यांच्या चेहऱ्याला पक्षाघात झाला, डाव्या डोळ्याची शीर फुटली. उपचार तीन वर्षे चालले. डोळा कायमचा बारीक झाला आणि नायिकेच्या भूमिका संपल्या.

भगवान यांना खलनायक ठरवून हा प्रसंग संपवता येत नाही. तो अपघात होता, हे कोणी नाकारलेले नाही. विचार करायचा तो त्या वीतभर जागेचा. थप्पड हा मारामारीतला सर्वांत क्षुल्लक प्रकार समजला जातो. उंचावरून उडी असेल तर कोणीतरी गाद्या मागवतो. थप्पडेसाठी कोण काय मागवणार? म्हणून तिला तालीम नाही, मास्टर नाही, कॅमेऱ्याचा कोनही वेगळा नाही, अशी सर्रास रीत पडली. त्यातून हा काळ महायुद्धाचा. कच्ची फिल्म भारतात तयार होत नव्हती. ती परदेशातून येई आणि युद्धाने ती वाट अरुंद केली. पुढे सरकारने चित्रपटाच्या लांबीवर ११,००० फुटांची, म्हणजे सुमारे दोन तासांची, मर्यादा घातली. एक फूट फिल्म वाया घालवणे हा अपराध वाटावा असे ते दिवस होते. त्या एका थप्पडेमागे यांतले नेमके कोणते कारण होते, हा निवाडा येथे करायचा नाही. पण असा अपघात ज्या हवेत घडतो, ती हवा ही होती.

ललिताबाई परतल्या, पण चरित्र भूमिकांत. तो बारीक झालेला डोळा कजाग सासूची, कपटी बाईची खूण बनला. १९५९ च्या ‘अनाडी’तल्या मायाळू घरमालकिणीसाठी त्यांना फिल्मफेअर मिळाले, आणि १९८७ साली दूरदर्शनच्या ‘रामायणा’त मंथरा म्हणून त्यांनी देशभर शिव्या खाल्ल्या. आपल्या आजी-आजोबांना विचारा. तो डोळा त्यांना अभिनय वाटत होता. एका जखमेवर चाळीस वर्षे अभिनय उभा करणे, हे कोणत्याही उडीपेक्षा मोठे धाडस म्हणावे लागेल.

पैसा आणि मान असला तरी शरीर सुटत नाही. ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) करताना व्ही. शांताराम स्वतः बैलाशी झुंजले, डोळ्यांना इजा झाली, पट्ट्या बांधून पडून राहावे लागले. ते पंचावन्न वर्षांचे होते आणि संस्था त्यांची होती. थांबणे त्यांना शक्य होते आणि ते थांबले. १९८२ साली बंगळूरला ‘कुली’च्या चित्रीकरणात अमिताभ बच्चन यांच्या पोटाला मार लागला, तेव्हा सारा देश रुग्णालयाकडे डोळे लावून बसला आणि चित्रपटात तो क्षण गोठवून दाखवण्यात आला. १९४२ साली असे काही झाले नव्हते. खडकावरून उडी मारणाऱ्या बदली तरुणाच्या बाबतीत आजही होत नाही.

कायदा आला १९८१ साली : चित्रपट कामगार आणि चित्रपटगृह कामगार (रोजगार नियमन) अधिनियम. लेखी कराराशिवाय चित्रपट कामगाराला कामावर ठेवता येणार नाही, हे त्याचे मुख्य कलम. कुशल-अकुशल, शारीरिक, तांत्रिक, कलात्मक असे सर्व काम त्यात धरले गेले. मास्टर विठ्ठलचा करार कंपनीला बळ देणारा होता. आता करार कामगाराच्या हाती बळ देणार होता, निदान कागदावर. पण तो कायदा कथापटांसाठी होता. लघुपट, जाहिराती, पुढे आलेल्या वेबमालिका यांचा तरुण निर्माता त्या चौकटीबाहेरच राहिला. २०२० च्या व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य व कार्यस्थिती संहितेने हा जुना कायदा पोटात घेतला आणि व्याख्या दृक्-श्राव्य कामगारापर्यंत रुंदावली. काशिदच्या वाळूवर सहा मित्रांच्या पथकात मालक कोण आणि कामगार कोण, हे ठरवण्याचे काम मात्र संहितेला सोपे जाणार नाही. तेथे सगळेच भागीदार असतात, आणि पाय मोडतो तो एकाचा.

किनाऱ्याचा स्वतःचा एक धोका आहे आणि तो कॅमेऱ्याच्या लोभातून येतो. छायालेखकाला हवा असतो मावळतीचा तिरपा, सोनेरी प्रकाश. तो जेमतेम अर्धा तास टिकतो. भरतीची वेळ दररोज सुमारे पन्नास मिनिटांनी पुढे सरकते. त्यामुळे पहिल्या दिवशी सूर्यास्ताला कोरडा असलेला खडक चार दिवसांनी त्याच प्रकाशात पाण्याखाली असतो. अलिबागच्या कुलाबा किल्ल्यापर्यंत ओहोटीला पायी जाता येते. परतीची वेळ चुकलेले पर्यटक तेथे अडकून पडतात. आधीच्या दिवसाशी जुळणारा शॉट हवा म्हणून पथक त्याच जागी, त्याच घटकेला उभे राहते आणि पाणी मात्र त्या घटकेला बांधलेले नसते.

कोळी बांधव हे तिथीवर सांगतात. पौर्णिमा-अमावास्येच्या सुमाराचे उधाण म्हणजे पाणी वर फार चढणार आणि वेगाने चढणार; अष्टमीच्या आसपासचा भांग म्हणजे चढउतार थोडा. पाण्यातली झटापट किंवा होडीवरून पडण्याचे दृश्य भांगाच्या दिवसांत ठेवावे आणि उधाणाला किनाऱ्यावरचे संवाद उरकावेत, हे वेळापत्रक बनवायला बंदरावर अर्धा तास बसून एका नाखव्याशी बोलावे लागते. त्याला मानधन द्यावे आणि श्रेयनामावलीत त्याचे नाव घालावे.